आकृती नेमकी कशी हलली, हे ओळखायचं कसं?

प्रश्न थोडक्यात असा: परावर्तन (आरशातल्यासारखं उलटवणं), परिभ्रमण (एका बिंदूभोवती फिरवणं), स्थानांतरण (न फिरवता सरकवणं) यांची सूत्रं पाठ आहेत. बिंदू (क्ष, य) चा (−य, क्ष) झाला म्हणजे ९० अंश फिरवणं, (य, क्ष) झाला म्हणजे य = क्ष हा तिरपा आरसा, हे सगळं येतं. पण दोन आकृत्या समोर ठेवून ‘पहिलीची दुसरी कशी झाली’ असं विचारलं की गाडं अडतं. दोन रूपांतरणं एकापाठोपाठ केली की क्रमानुसार उत्तर बदलतं, ते का, हेही कळत नाही. आणि या सगळ्याचा एकरूपतेच्या कसोट्यांशी काय संबंध?

पाठ केलेली सूत्रं बहुतेक वेळा आरंभबिंदूतून जाणाऱ्या आरशांची आणि आरंभबिंदूभोवती फिरवण्याची असतात. प्रश्नातलं केंद्र मात्र कुठेही असू शकतं. म्हणून सूत्रं थोडा वेळ बाजूला ठेवा आणि लंबदुभाजक हाताशी घ्या. बिंदू आणि त्याची प्रतिमा यांना जोडणाऱ्या रेषाखंडाचा लंबदुभाजक, म्हणजे त्याला मधोमध काटकोनात छेदणारी रेषा, काढता आला, की वरच्या तिन्ही शंकांची उत्तरं त्यातूनच निघतात.

आधी व्याख्या. दृढ रूपांतरण म्हणजे प्रतलातल्या प्रत्येक बिंदूला प्रतलातलाच एक बिंदू नेमून देणारा असा नियम, की कोणत्याही दोन बिंदूंमधलं अंतर आधी जितकं होतं तितकंच नंतरही राहतं. कोन, क्षेत्रफळ, समांतरता यांचा उल्लेख व्याख्येत करावा लागत नाही. अंतरं टिकली की ते सगळं आपोआप टिकतं. उलट दिशेने मात्र हे खरं नाही. (क्ष, य) → (क्ष + य, य) हा नियम घ्या. यात एक एकक बाजूचा चौरस तिरका होऊन समांतरभुज चौकोन बनतो. क्षेत्रफळ १ होतं, १च राहतं. पण चौरसाचे √२ लांबीचे दोन्ही कर्ण बदलतात: एक √५ होतो, दुसरा १. म्हणजे क्षेत्रफळ राखलं म्हणून रूपांतरण दृढ ठरत नाही. तसंच (२क्ष, २य) सगळे कोन राखतं, तरी अंतरं दुप्पट करतं. ते समरूपतेच्या घरातलं, एकरूपतेच्या नाही.

व्याख्येतल्या दोन गोष्टी हमखास निसटतात. एक, रूपांतरण फक्त त्रिकोणाचं नसतं, अख्ख्या प्रतलाचं असतं. त्रिकोण हा त्यावर काढलेला एक डाग. आरसा किंवा केंद्र आकृतीच्या बाहेर असलं तरी चालतं, ते याचमुळे. दुसरी, ‘हालचाल’ असं म्हटलं तरी वाटेला काही अर्थ नाही. कोणता बिंदू अखेर कुठे पोचला एवढंच मोजायचं. घड्याळाच्या काट्यांच्या विरुद्ध दिशेने ९० अंश आणि काट्यांच्या दिशेने २७० अंश ही दोन वेगळी रूपांतरणं नाहीत, एकच आहे. ३६० अंश फिरवणं म्हणजे काहीच न करणं.

आता सगळ्यात कामाची गोष्ट: तीन नैकरेषीय (एका रेषेत नसलेले) बिंदू कुठे गेले हे कळलं, की बाकी अख्खं प्रतल कुठे गेलं हे ठरून जातं. कारण सोपं आहे. अ पासून ५ आणि ब पासून ४ अंतरावरचे बिंदू शोधायचे तर दोन वर्तुळं काढावी लागतात, आणि ती साधारणपणे दोन बिंदूंत छेदतात. हे दोन्ही बिंदू अब रेषेच्या दोन बाजूंना, आरशात दिसावेत तसे असतात. तिसऱ्या बिंदू क पासूनचं अंतर दिलं, की दोघांपैकी एक बाद होतो, कारण क त्या रेषेवर नाही. रूपांतरणात तिन्ही अंतरं तशीच राहत असल्याने कोणत्याही चौथ्या बिंदूच्या प्रतिमेला एकच जागा उरते. म्हणून त्रिकोणाचे तीन शिरोबिंदू तपासणं पुरेसं असतं. दोन तपासून थांबलात तर आरशाची शंका शिल्लक राहते, आणि परीक्षेत गुण जातात ते बहुधा इथेच.

प्रतलात दृढ रूपांतरणाचे प्रकार चारच: स्थानांतरण, परिभ्रमण, परावर्तन आणि सरक-परावर्तन, म्हणजे आरशात उलटवून त्याच आरशाच्या दिशेने सरकवणं. ओल्या वाळूत सरळ चालत गेलेल्या माणसाच्या डाव्या-उजव्या पावलांचे ठसे हा या चौथ्या प्रकाराचा चोख नमुना. काहीच न हलवणं हे शून्य स्थानांतरण धरलं, की यादी पूर्ण. बरेच जण पहिले तीनच शिकतात आणि चौथा समोर आला की ‘परावर्तन आणि मग काहीतरी’ असं लिहून मोकळे होतात. ते चुकीचं नाही, पण अर्धवट आहे.

ओळखण्याची रीत

सुरुवात नेहमी वळणापासून करा. अ पासून ब, ब पासून क असं त्रिकोणाभोवती बोट फिरवा. बोट काट्यांच्या विरुद्ध दिशेने गेलं आणि प्रतिमेत अ′, ब′, क′ असं फिरतानाही त्याच दिशेने गेलं, तर वळण कायम. स्थानांतरण किंवा परिभ्रमण. दिशा उलटली तर परावर्तन किंवा सरक-परावर्तन. नुसत्या नजरेवर भरवसा नसेल तर निर्देशकांनी तपासा. अ पासून ब कडे जाताना क्ष आणि य मध्ये पडलेला फरक, तसाच अ पासून क कडे जाताना पडलेला फरक काढा; मग (पहिल्याचा क्ष × दुसऱ्याचा य) − (पहिल्याचा य × दुसऱ्याचा क्ष). उत्तर धन आलं तर वळण काट्यांच्या विरुद्ध, ऋण आलं तर काट्यांच्या दिशेने.

उदाहरण घेऊ. अ(१, १), ब(४, १), क(१, ३). प्रतिमा अ′(−२, २), ब′(−२, ५), क′(−४, २). आधी बाजू: अब = ३ आणि अ′ब′ = ३, अक = २ आणि अ′क′ = २, बक आणि ब′क′ दोन्ही √१३. हे न तपासता पुढे गेलात आणि एखादा बिंदू चुकीचा उतरवलेला असेल, तर पुढचा सगळा खटाटोप वाया. वळण: मूळ त्रिकोणात ३×२ − ०×० = ६; प्रतिमेत ०×० − ३×(−२) = ६. दोन्ही धन, वळण कायम. अ ते अ′ हे सरकणं (−३, १), ब ते ब′ (−६, ४). दोन्ही वेगळी, म्हणजे स्थानांतरण नाही. उरलं परिभ्रमण.

केंद्र कुठे? केंद्रापासून अ आणि अ′ सारख्याच अंतरावर असणार, म्हणून केंद्र अअ′ च्या लंबदुभाजकावर. तसंच ते बब′ च्या लंबदुभाजकावरही. अअ′ चा मध्यबिंदू (−१/२, ३/२) आणि दिशा (−३, १); त्यावरून लंबदुभाजक य = ३क्ष + ३. बब′ चा मध्यबिंदू (१, ३) आणि दिशा (−६, ४); लंबदुभाजक २य = ३क्ष + ३. दोन्ही समीकरणांची उजवी बाजू सारखीच, म्हणून य = २य, म्हणजे य = ० आणि क्ष = −१. केंद्र (−१, ०). तिसऱ्या जोडीने पडताळा घ्या: कक′ चा लंबदुभाजक ५क्ष + य + ५ = ०, त्यात (−१, ०) बसतो. कोन पाहायचा तर केंद्रापासून अ कडे (२, १) आणि अ′ कडे (−१, २). हा ९० अंश, काट्यांच्या विरुद्ध.

आता सूत्र वापरून खातरजमा करायची असेल तर केंद्र वजा करा, फिरवा, केंद्र परत मिळवा. अ मधून केंद्र वजा केलं: (१ − (−१), १ − ०) = (२, १). (−य, क्ष) नियमाने (−१, २). केंद्र मिळवलं: (−२, २). जुळलं. इथल्या नेहमीच्या चुका दोन: शेवटची मिळवणी विसरणं, आणि ऋण केंद्र वजा करताना चिन्ह घसरणं. आरंभबिंदूभोवतीचंच सूत्र सरळ लावलं असतं तर अ ची प्रतिमा (−१, १) आली असती. आकृती योग्य आकाराची, योग्य कलाची, पण भलत्याच जागी. उत्तर ‘थोडं सरकलेलं’ दिसत असेल तर नव्वद टक्के वेळा गडबड हीच असते.

कागदावर हीच कृती कंपासने करताना एक अडचण येते. अ, ब आणि केंद्र एका रेषेत असले तर अअ′ आणि बब′ यांचे लंबदुभाजक एकावर एकच पडतात, छेदनबिंदू मिळत नाही. घाबरू नका, तिसरी जोडी घ्या. दोन लंबदुभाजक फार लहान कोनात छेदत असतील तरी जोडी बदला. पेन्सिलच्या टोकाइतकी चूक केंद्राला बरंच लांब ढकलते. काटकोनाच्या जवळपास छेदणारी जोडी सगळ्यात भरवशाची. कोन अगदी लहान असेल तर केंद्र कागदाबाहेर जातं, तेव्हा निर्देशकांशिवाय इलाज नाही. आणि १८० अंशांच्या बाबतीत लंबदुभाजक काढायचीच गरज नाही: अअ′ चा मध्यबिंदू हेच केंद्र. अअ′, बब′, कक′ तिघांचा मध्यबिंदू एकच निघाला आणि वळण कायम असलं की ओळखायचं, अर्धा फेरा आहे.

वळण उलटलं असेल तर लंबदुभाजकांऐवजी मध्यबिंदूंवर लक्ष द्या. तोच त्रिकोण घ्या, प्रतिमा या वेळी अ′(५, १), ब′(५, ४), क′(७, १). वळण ०×० − ३×२ = −६, म्हणजे उलटं. अअ′ चा मध्यबिंदू (३, १), बब′ चा (४.५, २.५), कक′ चा (४, २). तिन्ही बिंदू य = क्ष − २ या एकाच रेषेवर आले. हा योगायोग नाही. परावर्तन बिंदूला अक्षाच्या एका बाजूने दुसऱ्या बाजूला तितक्याच अंतरावर नेतं, आणि नंतरचं सरकणं अक्षाला समांतर असतं, ते हे अंतर बदलत नाही. त्यामुळे मध्यबिंदू अक्षावरच पडतो. दोन मध्यबिंदू जोडले की अक्ष मिळाला. दोन्ही नेमके एकाच जागी आले तर तिसरा घ्या.

आता साधं परावर्तन की सरक-परावर्तन? अअ′ अक्षाला लंब असेल तर साधं. इथे अअ′ ची दिशा (४, ०), अक्षाची (१, १), लंब नाही. म्हणजे सरकणं आहे. किती? (४, ०) चा अक्षाच्या दिशेचा भाग (२, २), लांबी २√२. ब ते ब′ हे (१, ३); त्याचा अक्षाच्या दिशेचा भागही (२, २). क ते क′ (६, −२), तोही (२, २). तिन्ही जुळले, तेव्हा उत्तर पक्कं: य = क्ष − २ मध्ये परावर्तन, मग (२, २) ने स्थानांतरण. यात क्रम उलटा केला तरी चालतं, कारण सरकणं आरशाला समांतर आहे.

हेच रूपांतरण एखाद्या पुस्तकात ‘य = क्ष मध्ये परावर्तन आणि मग उजवीकडे ४’ असं दिसेल. नियम एकच: (क्ष, य) → (य + ४, क्ष). दोन्ही वर्णनं बरोबर आहेत, पण दुसऱ्यात आरसा वेगळा आणि सरकणं आरशाला तिरपं, त्यामुळे तिथे क्रम बदलून चालत नाही. आधी उजवीकडे ४ आणि मग परावर्तन केलं तर (य, क्ष + ४) मिळेल. उत्तरपत्रिका तपासताना दोन विद्यार्थ्यांचे आरसे वेगळे दिसले म्हणून एकाला लगेच चूक ठरवू नये. तिन्ही शिरोबिंदू कुठे पडतात ते बघावं.

सगळं आरशांतून घडतं

क्रमाची भानगड इथे सुटते. एका बिंदूत छेदणारे दोन आरसे घ्या. एकापाठोपाठ दोन परावर्तनं केली की छेदनबिंदूभोवती परिभ्रमण मिळतं. त्याचा कोन आरशांमधल्या कोनाच्या दुप्पट, आणि दिशा पहिल्या आरशाकडून दुसऱ्याकडे. क्रम बदलला की पहिला आरसा दुसरा होतो, म्हणून दिशा उलटते. (३, १) घेऊन करून पाहा. आधी क्ष-अक्षात: (३, −१). मग य = क्ष मध्ये: (−१, ३). हे काट्यांच्या विरुद्ध ९० अंश, कारण क्ष-अक्ष आणि य = क्ष यांच्यात ४५ अंश आहेत. उलट क्रमाने: आधी (१, ३), मग (१, −३). हे काट्यांच्या दिशेने ९०. दोन्ही क्रमांचं उत्तर एकच यायला आरसे एकमेकांना लंब तरी हवेत, कारण तेव्हा १८० अंश दोन्हीकडून सारखेच, किंवा आरसा एकच हवा.

आरसे समांतर असतील तर स्थानांतरण मिळतं, त्यांच्यातल्या अंतराच्या दुप्पट. क्ष = १ आणि मग क्ष = ४: पहिल्यात क्ष चं २ − क्ष होतं, दुसऱ्यात ८ − (२ − क्ष) = क्ष + ६. अंतर ३, सरकणं ६.

यातूनच हे सिद्ध होतं की कोणतंही दृढ रूपांतरण जास्तीत जास्त तीन परावर्तनांत बसतं. अ, ब, क कुठे जायचे ते माहीत आहे. अअ′ च्या लंबदुभाजकात परावर्तन करा, अ जागेवर बसला. ब कुठेतरी गेला असेल, त्याला ब₁ म्हणू. ब₁ब′ चा लंबदुभाजक अ′ मधून जातोच, कारण अ′ब₁ आणि अ′ब′ दोन्हींची लांबी अब इतकीच. म्हणून त्यात परावर्तन केलं तरी अ′ हलत नाही आणि ब जागेवर बसतो. आता क बसला तर ठीक, नाही तर तो अ′ब′ च्या पलीकडे आहे. त्या रेषेत तिसरं परावर्तन. एखादा बिंदू आधीच जागेवर असेल तर तेवढी पायरी गाळायची.

मघाच्या पहिल्या उदाहरणात हे आकड्यांनी पाहा. पहिला आरसा य = ३क्ष + ३. त्यात ब(४, १) जातो (−४.४, ३.८) वर, क(१, ३) जातो (−०.८, ३.६) वर. ब₁ पासून ब′(−२, ५) पर्यंतची दिशा (२.४, १.२), म्हणून दुसरा आरसा २क्ष + य + २ = ०. त्यात (−०.८, ३.६) ची प्रतिमा (−४, २), म्हणजे क नेमका क′ वर. तिसऱ्या आरशाची गरजच पडली नाही. दोन आरशांचे चढ ३ आणि −२, त्यांच्यातला कोन ४५ अंश, छेदनबिंदू (−१, ०). लंबदुभाजकांनी काढलेलं केंद्र आणि ९० अंश, दोन्ही दुसऱ्या वाटेने परत हाती आले.

प्रत्येक परावर्तन वळण उलटवतं. म्हणून आरशांची संख्या सम असेल तर वळण कायम, विषम असेल तर उलटं. एकच रूपांतरण तुम्ही सात आरशांनी लिहा किंवा तीन आरशांनी, सम-विषमपणा बदलत नाही. यावरून काही उत्तरं हिशेबाआधीच देता येतात: दोन परिभ्रमणांतून परावर्तन कधीही निघणार नाही, आणि परावर्तन आणि परिभ्रमण यांच्या जोडीतून स्थानांतरण कधीही नाही.

दोन परिभ्रमणं, केंद्रं वेगवेगळी, तर कोनांची बेरीज होते. बेरीज ३६० च्या पटीत आली तर स्थानांतरण, नाही तर नव्या केंद्राभोवती परिभ्रमण. परिभ्रमणानंतर स्थानांतरण केलं तरी उत्तर परिभ्रमणच, फक्त केंद्र बदलतं. उदाहरणार्थ, आरंभबिंदूभोवती ९० अंश आणि मग (४, २) ने सरकवणं: नियम (४ − य, क्ष + २). न हलणारा बिंदू शोधा: क्ष = ४ − य आणि य = क्ष + २, म्हणून (१, ३). हे (१, ३) भोवती ९० अंश आहे. न हलणारा बिंदू शोधणं ही अगदी भरवशाची युक्ती. परिभ्रमणात असा एकच बिंदू असतो, परावर्तनात अख्खी रेषा, आणि स्थानांतरण किंवा सरक-परावर्तनात एकही नाही.

एकरूपतेशी संबंध

ग्रीक गणिती युक्लिडने ‘एलिमेंट्स’च्या पहिल्या पुस्तकाच्या चौथ्या विधानात बाकोबा (बाजू-कोन-बाजू) कसोटी सिद्ध करताना एक त्रिकोण उचलून दुसऱ्यावर ठेवला. पण उचलून ठेवता येतं, आणि ठेवताना लांबी-कोन बदलत नाहीत, हे त्याच्या गृहीतकांत कुठेच नव्हतं. जर्मन गणिती हिल्बर्टने १८९९ मध्ये भूमितीची पायाभरणी नव्याने केली तेव्हा या कसोटीचा गाभा सरळ गृहीतक म्हणूनच घेतला. दुसरा मार्ग म्हणजे हालचालींनाच पाया मानायचं: एका आकृतीवरून दुसरीवर नेणारं दृढ रूपांतरण असेल तर त्या एकरूप. ही व्याख्या त्रिकोणापुरती अडत नाही. दोन वेड्यावाकड्या वक्रांना ‘संगत बाजू आणि संगत कोन’ नसतातच, तरी ते एकरूप आहेत की नाहीत हे विचारता येतं.

या मार्गाने बाकोबाची सिद्धता अशी. त्रिकोण अबक आणि परस, अब = पर, अक = पस, कोन अ = कोन प. स्थानांतरणाने अ ला प वर आणा. प भोवती फिरवून ब ला किरण पर वर आणा. लांबी सारखी म्हणून तो र वरच बसतो. क आणि स पर रेषेच्या विरुद्ध बाजूंना असतील तर त्या रेषेत परावर्तन करा. आता कोन सारखा आणि बाजूही तीच, म्हणून क किरण पस वर. लांबी सारखी म्हणून नेमका स वर. कोबाको (कोन-बाजू-कोन) आणि बाबाबा (तिन्ही बाजू) याच धर्तीवर होतात.

इथे एक सापळा आहे. अंतरं टिकली की कोन टिकतात, हे सहसा बाबाबा वापरून दाखवलं जातं. आणि बाबाबा सिद्ध करायला ‘रूपांतरणात कोन टिकतात’ हे वापरलं, तर आपण गोल गोल फिरतोय. म्हणून ठरवून टाका: कसोट्या आधी मानल्या असतील तर रूपांतरणांचे गुण त्यावरून काढा, रूपांतरणं पाया असतील तर परावर्तन, परिभ्रमण आणि स्थानांतरण लांबी आणि कोन दोन्ही राखतात हे गृहीतक म्हणून घ्या आणि तसं लिहा. काही शालेय मांडण्या दुसरा मार्ग धरतात. गोंधळ होतो तो दोन्हींची सरमिसळ केल्याने.

कागदावर आणि पडद्यावर

परावर्तन कंपासने काढायचं तर आरशावरचे कोणतेही दोन बिंदू घ्या, प्रत्येक केंद्र धरून मूळ बिंदूतून जाणारा कंस काढा. दोन कंस जिथे दुसऱ्यांदा छेदतील ती प्रतिमा. चौकटीच्या कागदावर तिरप्या आरशापासून आडव्या रेषेत घरं मोजण्याची चूक फार होते. घरं आरशाला लंब दिशेने मोजायची; य = क्ष असेल तर चौकटीच्या कर्णावरून. अक्षांच्या बाबतीत, ज्या अक्षात परावर्तन करतोय त्याचा निर्देशक तसाच राहतो आणि दुसऱ्याचं चिन्ह बदलतं. लोक नेमकं उलटं करतात.

फिरवताना कोनमापकाचा मध्य परिभ्रमणाच्या केंद्रावर ठेवायचा, त्रिकोणाच्या शिरोबिंदूवर नाही. ट्रेसिंग कागद वापरत असाल तर आकृतीबरोबर केंद्रापासून एक सरळ रेघही उतरवून घ्या आणि केंद्रावर टाचणी किंवा पेन्सिलचं टोक रोवा. किती फिरलं ते त्या रेघेवरून मोजता येतं.

सरावासाठी आकृती विषमभुज घ्या. चौरस दिला आणि शिरोबिंदूंना नावं दिली नाहीत, तर एका चौरसावरून तेवढ्याच दुसऱ्या चौरसावर नेणारी रूपांतरणं आठ निघतात, आणि आठही बरोबर. समभुज त्रिकोणात सहा, फक्त समद्विभुज असेल तर दोन, विषमभुजात एकच. ‘नेमकं कोणतं रूपांतरण झालं’ हा प्रश्न नावं नसलेल्या चौरसावर विचारणं म्हणजे प्रश्नच चुकीचा काढणं.

समीकरणं दिली असतील, जसं क्ष′ = ०.६क्ष + ०.८य आणि य′ = ०.८क्ष − ०.६य, तर (१, ०) आणि (०, १) कुठे जातात ते पाहा: (०.६, ०.८) आणि (०.८, −०.६). दोन्हींची लांबी १ हवी आणि ते एकमेकांना लंब हवेत. इथे तसं आहे. निश्चयक, म्हणजे या दोन बिंदूंवर केलेली मघाचीच वळणाची वजाबाकी, ०.६×(−०.६) − ०.८×०.८ = −१, म्हणून वळण उलटं. (२, १) हलत नाही, म्हणजे हे य = क्ष/२ या रेषेतलं परावर्तन. नुसता निश्चयक १ किंवा −१ आला म्हणून थांबू नका. सुरुवातीच्या तिरक्या होणाऱ्या चौरसाच्या नियमाचाही निश्चयक १च आहे.

जिओजेब्रा या भूमितीच्या संगणक-प्रणालीत फिरवण्याची आज्ञा हाताने टाइप करताना कोनापुढे अंशाचं चिन्ह न दिल्यास ९० हे रेडियन (कोन मोजायचं दुसरं एकक) धरले जातात आणि आकृती भलतीकडेच जाते. आणि संगणकाच्या पडद्यावर चित्रं काढणाऱ्या बहुतेक प्रणालींत य-अक्ष खाली वाढतो. तिथे (−य, क्ष) हाच नियम डोळ्यांना काट्यांच्या दिशेने फिरलेला दिसतो. सूत्र बिघडलेलं नसतं, अक्ष उलटा असतो. एसव्हीजी (वेबपानांवरच्या रेखाचित्रांची लिखित पद्धत) मध्ये एका ओळीत अनेक रूपांतरणं लिहिली असतील तर बिंदूवर सगळ्यात उजवीकडचं आधी लागू होतं. ‘आधी फिरव, मग सरकव’ असं हवं असेल तर सरकवणं डावीकडे आणि फिरवणं उजवीकडे लिहा. उलट लिहिलंत तर आकृती आधी सरकेल आणि मग त्या लांबच्या जागेवरून आरंभबिंदूभोवती मोठा वळसा घेईल.